हिरव्याच्या आत निळा

डनेर्न,
सोमवार, १९ ऑगस्ट १९१२

प्रिय बेथिया,

तुझा लेक सुखरूप पोचला. त्याची पेटी पोचली, आणि तू बांधून दिलेली सुकी मासळी त्याच्याही आधी पोचली म्हणायला हरकत नाही. तिच्या वासानं आमच्या जिन्यावरच्या प्रत्येक बिऱ्हाडाला कळलं की एफीच्या माहेरचं कुणीतरी आलंय. मी गेली वीस वर्षं इथं गिरणीवाल्यांत गिरणीवाली होऊन राहिले होते, ते सगळं एका मासळीनं पाण्यात गेलं. असो, चव छान होती.

आता मुद्द्याचं. आमचे रोव्हर्स यंदा पहिल्यांदाच स्कॉटलंडच्या वरच्या लीगमध्ये आलेत. गाव नुसतं उधाणलंय. न्हावी दाढी अर्धी सोडून लीगबद्दल बोलत बसतो. आणि गोलात उभा राहणार कोण, तर आमच्या सँडीचा जॉर्डी! मी शनिवारी नवी टोपी घालून, नवऱ्याला, डेव्हीला ओढत, मैदानावर वेळेआधी जाऊन बसले.

आणि बेथिया, तुझा लेक खेळलाच नाही.

लीगचा नियम आहे की गोलकीपरची जर्सी मैदानावरच्या बाकी सगळ्यांपेक्षा वेगळ्या रंगाची हवी, म्हणजे चेंडूला हात कुणी लावला ते रेफरीला कळतं. रंगही ठरलेले. लाल, निळा, पांढरा नाहीतर हिरवा. आमचे दहा लाल घालतात. पाहुणे निम्मे निळ्यात येतात, उरलेले बहुतेक पांढऱ्यात. मग राहिलं काय ते तूच बघ. संघाचे सेक्रेटरी मिस्टर पेटिग्रू, कापडदुकानवाले, त्यांनी कौतुकानं नवीकोरी हिरवी जर्सी पुढे केली, तर जॉर्डी मेलेला उंदीर दाखवावा तसा मागे सरला. "मी हे घालणार नाही," एवढंच म्हणाला. का, ते सांगेना. लोकांना वाटलं, हिरवा म्हणजे आयरिश कॅथलिक मंडळींचा रंग, पोरगं त्यावरून अडलंय. त्यावरून दोन म्हाताऱ्यांची तिथंच जुंपली.

घरी मी त्याला खोदून विचारलं. तर म्हणतो, "आत्या, बाबा पाण्यावर आहेत. आणि मी हिरवं अंगावर घालू?"

घरातल्या कुणी हिरवं घातलं की बोट बुडते, हे आपल्याकडचं मी इथं राहून विसरलेच होते. माझ्या बैठकीत हिरवे पडदे आहेत. ते मी तेव्हाच्या तेव्हा उतरवून ठेवले.

त्याच्या जागी उभ्या केलेल्या पोरानं पाच गोल खाल्ले. पेटिग्रू म्हणतात, "येत्या शनिवारी जर्सी घालायची, नाहीतर आपल्या गावी मासे पकडायला जायचं." तो कुणाचंच ऐकत नाही, तुझंच ऐकेल. उलट टपाली लिही.

तुझी,
एफी


पोर्टनॉर,
२१ ऑगस्ट

प्रिय नणंदबाई,

हिरवा! आणखी काय काय घालायला लावणार आहेत त्याला? डुकराचं कातडं? बघ, मला हा अपशकुनी शब्दही लिहायला लावलास, आता उठून लोखंडाला हात लावून आले.

म्हणे तो कुणाचंच ऐकत नाही. खाण तशी माती. बोट सोडून चेंडूमागे जातो म्हणाला त्या दिवसापासून तुझ्या भावानं या घरात त्याचं नाव काढलेलं नाही. जेवताना त्याच्या रिकाम्या खुर्चीकडे बघतो आणि मला म्हणतो, "पेज खारट झालीय." पेज खारट नसते, एफी. आणि हा इकडे बापाला काही होऊ नये म्हणून हातातला घास सोडून बसलाय. एकानं बोलायचं नाही, दुसऱ्यानं सांगायचं नाही, आणि मधे मी!

सँडीला विचारायची सोय नाही. हिरव्याचं नाव काढलं तर तो स्वतः जाऊन पोराला कान धरून आणील. हिरवी पट्टी असलेला मोजा घालून आलेल्या माणसाला त्यानं बोटीवरून उतरवलेलं तुला आठवतं ना? पण जॉर्डी असा परत आला, तर जन्मभर या धक्क्यावर मान खाली घालून चालेल. माझा पोरगा मान खाली घालून चाललेला मला बघवणार नाही. त्याला हात दिलेत देवानं. लहानपणी मी चुलीपलीकडून बटाटा फेकायची, एक कधी खाली पडला नाही.

म्हणून असं कर. त्याला सांग, बाबांनी हो म्हटलंय. खोटं आहे, माझ्या माथ्यावर. आणि या पार्सलात सँडीचा दुसरा निळा स्वेटर आहे, मी गेल्या हिवाळ्यात विणलेला. हा आतून घालायचा आणि हिरवं वरून. पीळ आणि शिडी, आपल्या घराण्याची नक्षी आहे ती. ती अंगाला असली की हिरवं अंगाला लागत नाही. हे मला कुणी सांगितलं नाही, माझं मीच ठरवलंय, पण मला पटतंय.

सँडीनं विचारलं तर स्वेटर धुवायला टाकलाय.

तुझी,
बेथिया


डनेर्न,
९ सप्टेंबर

प्रिय बेथिया,

तुझी युक्ती लागू पडली. पण तू जरा थंड दिवस पाहून काढायला हवी होतीस! भर उन्हात आत तुझा तो घट्ट विणीचा स्वेटर, वर लोकरीची जर्सी. पोरगं पिंपासारखं दिसत होतं आणि चुलीवरच्या किटलीसारखं वाफाळत होतं. पाहुण्यांच्या बाजूनं एक जण ओरडला, "अरे, त्याला दोन बायका आहेत का, दोघींनी एकेक घातलाय!" मी मागे वळून त्याला म्हटलं, "बायको एकही नाही, आत्या आहे, आणि ती तुझ्या पुढेच बसलीय." डेव्ही म्हणतो, यापुढे तो माझ्यापासून लांब बसणार.

पण खेळला कसा, ते विचार! पहिल्या सामन्यात एकच गोल खाल्ला, तोही आमच्याच माणसाच्या गुडघ्याला लागून आत गेला. परवा एडिनबराच्या संघाविरुद्ध एकही नाही. जोरात येणारा चेंडू तो छातीशी असा धरतो की जाळं ओढावं तसा ओढूनच घेतो, पुन्हा सुटत नाही. शेवटी पाऊस आला, बाकीचे ओल्या कोंबड्यांसारखे झाले. याला आत थेंब लागला नाही. सगळं मैदान "फ्लेट! फ्लेट!" करत होतं. बेथिया, ते माझं माहेरचं नाव! लग्नानंतर मी ते कुणाच्या तोंडी ऐकलं नव्हतं, आणि इथं हजारो लोक घसा फोडून ओरडत होते. मी रडले. खुशाल हस.

एकच पंचाईत आहे. तो रोज विचारतो, "आत्या, बाबांनी कोणत्या शब्दांत हो म्हटलं?" काय सांगू? शेवटी म्हटलं, "हां म्हणाला आणि पाइप ओढत बसला." ते त्याला लगेच पटलं. म्हणाला, "हो, बाबाच ते." त्या दिवशी तो जेवताना शीळ घालत होता.

मला मेलीला घास उतरला नाही. ही थाप किती दिवस झाकणार?

तुझी,
एफी


यार्मथ,
सोमवार, २१ ऑक्टोबर

प्रिय एफी,

अक्षर लागलं नाही तर रागावू नकोस, बोटांना चिंध्या बांधल्यात. हेरिंग मासळीच्या मागोमाग आमच्या बोटी दरवर्षीसारख्या इथं इंग्लंडात आल्या, आणि मासे साफ करायला आम्ही बायकाही. पहाटेपासून हातात सुरी आहे. पण हात कापले म्हणून लिहीत नाहीये. थाप फुटली.

शनिवारी संध्याकाळी सगळ्या बोटी धक्क्याला होत्या. आमच्या मासे खारवायच्या वाड्यात पिंपं बांधणारा मॅकफी तुमच्या डनेर्नचा. हातात वर्तमानपत्र घेऊन, नाचत, तो सँडीच्या बोटीपाशी गेला. "काका, तुमचं नाव फ्लेट ना? आमच्या गोलातला फ्लेट तुमचा कोण?"

सँडी म्हणाला, "पोर्टनॉरमध्ये निम्मं गाव फ्लेट आहे."

"नाही, पण मी गेल्या महिन्यात बघून आलोय ना! हिरव्या जर्सीत, आणि गळ्यापाशी आतला निळा स्वेटर दिसतो. पीळ आणि शिडी. तुमच्या अंगावर आहे, अगदी तसाच!"

बिचारा कौतुकानं बोलला. सगळे खलाशी ऐकत होते. म्हातारा डोसी, सँडीच्या वडिलांपासून त्या बोटीवर आहे तो, उठला, आपली पेटी खांद्यावर घेतली आणि धक्क्यावर उतरला. "कप्तानाच्या घरात हिरवं आलंय. मी येत नाही." त्याच्यामागे एकेक करून सगळे उतरले.

आज सकाळी सगळ्या बोटी गेल्या. आमची बांधलेली आहे.

सँडी आमच्या वाड्यात आला. पुरुष तिथं येत नाहीत, सगळ्या बायकांच्या सुऱ्या थांबल्या. म्हणाला, "माझा दुसरा स्वेटर कुठंय?"

मी म्हटलं, "जॉर्डीच्या अंगात."

"आणि हिरवं?"

"त्याच्यावर. तू हो म्हणालास असं मीच कळवलं. काय बोलायचं ते मला बोल, पोराचा दोष नाही."

तो माझ्या हातांच्या चिंध्यांकडे बघत उभा राहिला आणि निघून गेला. ओरडला असता तर बरं झालं असतं. तो आता पोराला परत बोलावणार, याची मला खात्री आहे.

जॉर्डीला यातलं काही कळू देऊ नकोस. त्याला खेळू दे.

बेथिया


डनेर्न,
शुक्रवार, २५ ऑक्टोबर

बेथिया,

कळलं त्याला. पत्र आलं तेव्हा मी गिरणीत होते. तुझं वेडंवाकडं अक्षर पाहून त्याला वाटलं, घरी काहीतरी झालं. त्यानं फोडलं.

मी आले तेव्हा तो हिरव्या जर्सीची घडी घालत होता. मी सतरा कारणं सांगितली. तो शांतपणे म्हणाला, "म्हणजे बाबांनी हो म्हटलंच नव्हतं." मग पेटिग्रूंच्या दुकानात गेला आणि गिऱ्हाइकांच्या देखत घडी टेबलावर ठेवली. पेटिग्रू म्हणाले, "अरे, दुसऱ्या तारखेला ग्लासगोवाले येतायत! लीगमध्ये सगळ्यांत वर आहेत ते! तुझ्याशिवाय आमची धुलाई होईल!" तर म्हणे, "माझ्यामुळे बाबांची बोट बांधलेली आहे. ती सुटायला हवी."

बस्स. कुणावर राग नाही, तुझ्यावरसुद्धा नाही. मंगळवारच्या गाडीनं यार्मथला येतो म्हणतोय. डोसीसमोर उभं राहून सांगणार, हिरवं उतरवलं, आता बोट सोडा. आणि मग बोटीवरच काम करणार.

मला वाईट वाटतं, आणि खरं सांगू, अभिमानही वाटतो. गावभर लोक त्याला डोक्यावर घेत असताना कोण उतरतं असं? पण माझ्या भावाला हे पत्र वाचून दाखव. ऐकायचं नाही म्हणाला तर मोठ्यानं वाच.

एफी


यार्मथ,
सोमवार, २८ ऑक्टोबर

प्रिय एफी,

शनिवारी केलेली तार मिळाली असेल. 'थांब, पत्र येतंय' एवढंच लिहिलं, कारण बाकीचं तारेत मावणारं नव्हतं.

तुझं पत्र मी सँडीला मोठ्यानंच वाचून दाखवलं. आठवडाभर तो धक्क्यावर बांधलेल्या बोटीसमोर बसून होता. मी वाचत गेले. 'ती सुटायला हवी' इथं आले तेव्हा त्यानं हात वर केला. "परत वाच." मी परत वाचलं. त्याच्या नाकाचा शेंडा लाल झाला. तुमच्या घराण्यात पुरुष असेच रडतात, तुला माहीत आहे.

मग उठला, मॅकफीला दंडाला धरून काढलं आणि थेट डोसीच्या बिऱ्हाडी नेलं. मीही मागोमाग. सगळे खलाशी तिथंच चहा पीत होते.

सँडी म्हणाला, "माझ्या पोरानं खेळ सोडला. आपल्या बोटीसाठी. तिकडे लोक त्याच्या नावानं ओरडतायत आणि त्यानं जर्सी टेबलावर ठेवली. मी बाप असून त्याला निरोपाचे दोन शब्द बोललो नव्हतो. तुमच्यातल्या कुणी माझ्यासाठी एवढं सोडलंय? मी तरी सोडलंय का त्याच्यासाठी काही?"

कुणी कपाला तोंड लावेना. डोसी म्हणाला, "पोरगं लाखाचं आहे, सँडी. मी कधी नाही म्हटलं? पण हिरवं ते हिरवं."

"हिरवं कुठं होतं, डोसी?"

"त्याच्या अंगावर."

"अंगावर माझा स्वेटर होता. हिरवं त्याच्यावर. मॅकफी, एडिनबराच्या सामन्यात किती गोल गेले?"

"एकपण नाही, काका."

"ऐकलंस? पीळ आणि शिडी. या बाईच्या विणीतून समुद्राचं पाणी आत शिरत नाही. हिरवं शिरेल?"

एफी, मी खोलीच्या दाराशी उभी होते. माझ्या विणीचं कौतुक या माणसानं लग्नाला पंचवीस वर्षं होऊन गेली तरी केलं नव्हतं. आणि केलं ते डोसीसमोर!

डोसी हनुवटी खाजवत बसला. मग मॅकफीला एखाद्या न्यायाधीशासारखं विचारलं, "गळ्यापर्यंत होता का?"

"गळ्याच्या वर दिसत होता."

"कमरेला?"

"खाली बोटभर लोंबत होता. त्यावरनं आम्ही त्याला चिडवायचो."

"म्हणजे हिरवं कुठंच कातडीला लागलेलं नाही." डोसीनं कप खाली ठेवला. "मग हे आधी का नाही सांगितलं? आठवडा फुकट घालवलात!"

म्हणजे बघ, शहाणा कोण ठरला तर डोसीच. पण त्याची पेटी बोटीवर चढली, मग मी कशाला बोलू? आज सगळ्यांबरोबर गेले आहेत. हे लिहितेय तेव्हा दिवेलागण झालीय आणि वारा वाढलाय. मी काही म्हणत नाही. फक्त उद्या सकाळपर्यंत हे पाकीट बंद करणार नाही.

मंगळवार सकाळ. आले. अर्धी जाळी फाटली, मासे बेताचेच, डोसी दोरीवरून घसरून गुडघा सुजवून आला. पण सगळे आले! मी धक्क्यावर पळत गेले तर सँडी मला बघताच म्हणाला, "पत्र टाकलंस का?" नाही म्हटल्यावर म्हणाला, "मग त्यात लिही. शनिवारी उभा राहा. मी हो म्हणतोय. या वेळी खरंच मी म्हणतोय."

हे त्याचेच शब्द आहेत. आता लपवाछपवी नाही.

तुझी,
बेथिया


डनेर्न,
४ नोव्हेंबर

प्रिय बेथिया,

तुझं पत्र बुधवारी संध्याकाळी आलं. जॉर्डीची पेटी भरून दाराशी ठेवलेली होती. मी त्याला खुर्चीत बसवलं आणि सगळं वाचलं. शेवटची ओळ त्यानं माझ्या हातून घेऊन स्वतः वाचली, मग खिडकीकडे तोंड करून उभा राहिला. नाकाचा शेंडा मी बघितला नाही, पण अंदाज आहे. मग पेटी उघडली, स्वेटर काढला आणि म्हणाला, "आत्या, कोपराला जरा उसवलाय, शिवून देतेस?"

तेवढ्यात पेटिग्रू स्वतः जिना चढून, धापा टाकत, हिरवी जर्सी घेऊन दारात! आधीच्या शनिवारी त्याच्या जागेवरच्या पोरानं सहा गोल खाल्ले होते. म्हणाले, "आत काय वाटेल ते घाल बाबा, हवं तर गादी गुंडाळ, पण ये."

आणि शनिवारचं काय सांगू! ग्लासगोहून खास गाड्या भरून माणसं आलेली. त्यांचा तो मधला खेळाडू म्हणजे नुसता बैल. पहिल्याच धडकेत त्यानं जॉर्डीला चेंडूसकट खांबावर नेलं. मी उभी राहून ओरडले ते काय ओरडले ते लिहीत नाही, तुमच्याकडे बोटवाले चर्चच्या काळ्या कोटवाल्यांचं नावही काढत नाहीत, इथं ते माझ्या शेजारीच बसले होते. पण पोरगं उठलं. चेंडू हातातच होता.

आमच्या दहांनी जमेल तसं खेळून घेतलं. बाकी सगळा सामना एकट्या जॉर्डीचा. अगदी संपत आला तेव्हा त्यांना पेनल्टी मिळाली. बैलानं जीव खाऊन मारला. जॉर्डी उडी मारून आडवा झाला, आणि चेंडू त्यानं परतवला नाही, बेथिया, धरला! मिठी मारल्यासारखा पोटाशी धरून चिखलात पडून राहिला. शून्य शून्य. या मोसमात ग्लासगोवाल्यांना प्रथमच कुणीतरी गोलाशिवाय घरी पाठवलं, आणि ते आमच्या पोर्टनॉरच्या पोरानं! त्यांच्याच कप्तानानं त्याला हाताला धरून उठवलं.

आज जिन्यावरच्या तीन बायका नक्षी मागायला आल्या. त्यांच्या मुलांना गळ्यापाशी तसलंच निळं हवंय. ज्या बाईनं मासळीच्या वासावरून नाक मुरडलं होतं ती सगळ्यांत पुढे. मी म्हटलं, "नक्षी देता येत नाही. ती आमच्या घरची आहे." आणि दार हळूच लावलं, आपटलं नाही.

शनिवारी खेळ संपल्यावर मी जॉर्डीला शोधत खाली गेले, तेव्हा वर्तमानपत्रवाला त्याला गाठून उभा होता. जर्सी चिखलानं इतकी माखली होती की हिरवी होती हे सांगूनच कळलं असतं. वर गळ्यापाशी तेवढं निळं दिसत होतं. त्यानं पेन्सिलीनं तिकडे दाखवून विचारलं, "हे आत काय आहे? कुणाचं?"

जॉर्डीनं तोंडावरचा चिखल पुसला आणि मान वर करून म्हणाला, "बाबांचा स्वेटर आहे. आणि त्यांना माहीत आहे."

तुझी,
एफी